रिकाम्या घराचा आवाज

वडिलांना लकवा मारला आणि मी मिहानमधल्या कंपनीतली नोकरी सोडून नागपूरच्या वेशीवरच्या, ट्रक-गोदामांच्या वाडी गावातल्या या दोन खोल्यांत परत आले. ‘थोडे दिवस’ म्हणून आले होते. त्याला आता तिसरा उन्हाळा लागला. बाहेर दिवसभर ट्रकांचे हॉर्न, आत कूलरची घरघर आणि बाबांच्या हाका. डोकं फिरायचं. शेवटी चिडूनच मी या आवाजांची फिल्म करायला घेतली. दहा मिनिटांची. पडदा पूर्ण काळा, नुसतं घर ऐकू येणार. शेवटी घरातली बाई निघून जाते आणि मागे रिकामं घर वाजत राहतं. मला जाता येत नव्हतं, निदान तिला तरी जाऊ द्यावं.

त्या शेवटासाठी खोलीची मिनिटभर शांतता हवी होती. शांततासुद्धा रेकॉर्डच करावी लागते, नाहीतर आवाज मध्येच मेल्यासारखा वाटतो. ट्रकवाले जेवून आडवे होतात तेव्हा, भर दुपारी, मी खिडक्या लावल्या आणि कूलर बंद केला. नागपूरच्या मे महिन्यात हे जिवावरचंच काम. बाबांना उचलून बाहेर नेणं शक्य नव्हतं. “एक मिनिट हलू नका, बोलू नका,” असं त्यांना बजावलं, हेडफोन लावले आणि डोळे मिटले.

भिंतीवरचं घड्याळ. लांब कुठेतरी गिअर बदलणारा एखादा ट्रक. सुरेख होतं सगळं. मनातल्या मनात मी चप्पल घालून अमरावती रोडला लागलेसुद्धा. मग लक्षात आलं, बाबांचा तो खरखरता श्वास ऐकू येत नाही.

डोळे उघडले. त्यांचे ओठ घट्ट मिटलेले, चेहरा लालबुंद.

“बाबा! श्वास घ्या ना! काहून रोखला?”

त्यांनी मोठ्याने हवा ओढली. जड जिभेने सावकाश म्हणाले, “त्याच्यात येते ना वं माहा श्वास. काल दिवसभर तू माहाच आवाज काढून टाकून राहिली होती.”

खरं होतं. त्यांच्याच खाटेशेजारी लॅपटॉप घेऊन मी फिल्मच्या शेवटातून त्यांचा खोकला, त्यांच्या हाका वेचून वेचून कापत होते. त्यांना यातलं काय कळतंय, असं धरून चालले होते. लाज वाटली, फार लाज वाटली. मी कूलर लावायला उठले.

“झालं का मिनिट?” त्यांनी विचारलं.

“नाही. चाळीस सेकंद.”

“मंग राहू दे कूलर. पुन्हा घे.”

मी बटणावरचा हात काढून घेतला. बाबांनी छाती भरून श्वास घेतला.