डोंगरावरची भरती

काशिरामला इतिहास येत नव्हता, हे आधीच सांगून टाकतो. कर्नाळा किल्ला कोणी कोणाकडून घेतला याबद्दल तो दर रविवारी वेगळं बोलायचा. कधी किल्ल्यात मोगल असत, कधी फिरंगी. एकदा तर एका बँकेतल्या गृहस्थांनी त्याला चारचौघांत टोकलं, तेव्हा तो म्हणाला, "तुमी म्हनाल तो बसवू साहेब, भिंत तीच हाय." पण लढाई त्याला येत होती. आडोसा कुठे मिळतो, वरून दगड आला की माणूस कुठल्या बाजूला अंग टाकतो, भूक लागली की भीती कशी कमी होते, हे तो असं सांगायचा की दादर-गिरगावची मंडळी पुरीभाजी हातात धरून तशीच बसून राहायची.

गड दाखवायच्या या कामावर त्याला मी ठेवला. एसटी आली आणि आमच्या वडिलांच्या गाड्यांचे मार्ग गेले. एक जुनी बस तेवढी उरली. लग्नसराईत ती वऱ्हाडं वाहायची आणि एरवी पनवेलच्या नाक्यावर धूळ खात पडायची. म्हणून मी पाटी रंगवून घेतली, 'रणभूमी दर्शन, एक दिवसाची सहल'. मुंबईची मंडळी सकाळी पनवेलला उतरायची. आधी कर्नाळा, वर जेवण, दुपारनंतर चिरनेर, दिवेलागणीला परत. पाटी झोकात होती. अडचण एकच, मला स्वतःला चढ चढवत नव्हता. तेव्हा आमचा ड्रायव्हर फारूक म्हणाला, "शेठ, कामोठ्याच्या काशिरामला घ्या. बर्मात जंग लढून आलाय."

"पण त्याला माहिती किती?"

"लढून आलाय म्हटलं, पढून नाय," फारूक म्हणाला.

चिरनेरला मात्र काशिराम तोंड उघडत नसे. तीसच्या सालचा जंगल सत्याग्रह, त्यातला गोळीबार डोळ्यांनी पाहिलेली माणसं गावात हयात होती. तो मंडळींना त्यांच्यासमोर बसवायचा आणि स्वतः चिंचेखाली जाऊन विडी ओढायचा. "ज्यानं बघितलं त्यानं सांगावं," एवढंच म्हणायचा. हे वाक्य त्यानं स्वतःला कधी लावून पाहिलं नव्हतं.

कर्नाळ्यावर एका पडक्या तटाखाली तो हमखास थांबायचा. सगळ्यांना खाली बसवायचा. कडक इस्त्रीच्या पँटी घातलेले लोक कुरकुरायचे, पण उभं राहिलेलं त्याला खपत नसे. स्वतः उकिडवा बसून, आवाज उतरवून सांगायचा:

"हितं एक मावला पडला. गोली पोटात. त्याचा जोडीदार त्या दगडाआड. मधी जागा किती, तर तुमी हाव आन मी हाय इतकीच. पन वरून मारा चालू, हलता येत नाय. रातभर बोलत व्हता तो. तापात माणूस बोलतो तसा. 'भरती आली रं, उघाडी लाव. फल्या टाक, आय मारंल.' जोडीदार हिकडून बोलायचा, 'लावली रं, लावली.' की जरा गप. परत चालू. उजाडायला आलं तवा म्हनला, 'आयेला सांग, उघाडी लावली मी.' आन मंग नाय बोलला."

बायका पदर डोळ्यांना लावायच्या. पुरुष घसा खाकरायचे आणि पाण्याची टाकी कुठे आहेत ते विचारायचे.

मी एकदाच हट्टानं धापा टाकत वर गेलो होतो, तेव्हा हे ऐकलं. उतरताना त्याला अडवलं. "काय रे, डोंगरावर भरती कुठली? आणि घाटावरच्या मावळ्याला उघाडी काय ठाऊक?"

उघाडी म्हणजे खाडीच्या बांधातलं पाण्याचं दार. ओहोटीला फळ्या काढून शेतातलं पावसाचं पाणी सोडायचं, भरतीआधी फळ्या टाकून खारं पाणी अडवायचं. आमच्या खाडीकाठच्या पोराला हे चालायच्या आधी कळतं. घाटावरच्या माणसाला सांगून कळत नाही.

काशिराम म्हणाला, "व्हता एक मावला खाडीवरचा." आणि पुढे निघून गेला. मला वाटलं, चला, थाप पकडली.

नाक्यावर भामाबाई भाजी घेऊन बसायची. तीही कामोठ्याचीच. सडपातळ, काटक, जिभेची तिखट. माझ्या पोटाकडे बघून एकदा म्हणाली होती, "शेठ, तुमी बसमधी बसू नका, बस तुमच्यामधी बसवा." तर ही भामाबाई रविवारी काशिराम आला की टोपलीतली भाकर त्याच्या हातावर ठेवायची आणि एकच प्रश्न विचारायची.

"गणू काय बोलला रं जाताना?"

"काय नाय काकी. गोली लागली, जागच्या जागी गेला. बोलाया वेलच नाय भेटला."

ती मान हलवायची. तो भाकर न खाता कागदात गुंडाळायचा. हे मी कितीतरी रविवार पाहिलं होतं आणि त्यात काही आहे असं मला वाटलं नव्हतं. गणू हा तिचा एकुलता मुलगा, काशिरामबरोबर पलटणीत गेला, तो तिकडेच राहिला. युद्ध संपून वर्षं लोटली होती. अशी घरं आमच्याकडे आणखीही होती.

पितृपक्षातली गोष्ट. भामाबाई भाजी न मांडता नुसतीच बसली होती. मी विचारलं, आज काय झालं? तर म्हणाली, "कावला शिवला नाय."

मग तिनं सगळंच सांगितलं. गणू गेल्याची तार आली तेव्हा खाडीवर दर्भाचं माणूस करून जाळलं. दहाव्याला पिंड ठेवला, तर कावळे झाडावर बसलेले, खाली एक उतरेना. जो तो हात जोडून म्हणाला, गणू, तुझ्या आईला बघू, तुझं शेत बघू. दुपार कलली. शेवटी भटजीनं दर्भाचाच कावळा केला आणि तो पिंडाला लावला.

"गवताचा कावला तो," भामाबाई म्हणाली. "त्याला कसली भूक? माजा गणू रागावून गेला. मीच घालवला."

नारळी पुनवेचा दिवस होता. संध्याकाळी गणू उघाडी उघडून पाणी सोडून आला आणि काशिरामबरोबर पनवेलच्या बंदरावर गंमत बघायला गेला. दोघं तिथेच पिऊन झोपले. उघाडी तशीच राहिली. पुनवेची भरती ती, रातोरात लावणीचं शेत खारं झालं. पुढे काही वर्षं त्यात गवतसुद्धा धड आलं नाही. सकाळी गणू दारात आला तेव्हा भामाबाईनं त्याला फळीनंच मारला. वर म्हणाली, "तोंड कालं कर. परत या दारात पाय ठेवशील तर माजं मेलं तोंड बघशील." तो तसाच काशिरामबरोबर पलटणीत गेला.

"रागात बोलली मी. पोटच्या पोराला कोन असं बोलत नाय का?" ती म्हणाली. "पन त्यानं खरं मानलं. अजून दारात पाय ठेवत नाय. कावला होऊन पन नाय."

मी घरी आलो आणि जेवण जाईना. माझं जेवण न जाणं ही आमच्याकडे बातमीच, बायकोनं कपाळाला हात लावून पाहिला. तो मावळा कोण होता हे आता मला कळलं होतं. काशिराम दर रविवारी परक्या माणसांना जे सांगत होता, ते ऐकायला ही बाई नाक्यावर भाकर घेऊन बसली होती. आणि दोघांच्या मध्ये माझी बस उभी होती.

काशिरामला सरळ विचारलं असतं तर त्यानं काम सोडलं असतं. म्हणून मी उपद्व्याप केला. उपद्व्यापाची मला हौसच आहे. आश्विनातल्या पुनवेला रविवार आला होता. भामाबाईला म्हटलं, गडावर देवी आहे, बसमध्ये जागा आहे, चल. ती यायला निघाली, पण एक अट घालून. "दिवे लागायच्या आत मना बांधावर सोडा. रातची भरती मोठी हाय. उघाडी मी दुसऱ्या कोनाला लावू देत नाय."

तिला बसमध्ये चढताना बघून काशिरामचा चेहरा उतरला. तो फारूकच्या शेजारी बसून राहिला. वाटेत दर वेळी सांगायचा ते काहीच त्यानं सांगितलं नाही. गडावर भामाबाई सगळ्यांच्या पुढे. मी सगळ्यांच्या मागे, देवाचं नाव घेत. तटापाशी आलो तेव्हा काशिराम न थांबताच पुढे चालला होता. पण मंडळींत एक जोडपं होतं, दुसऱ्यांदा आलेलं. त्यातली बाई म्हणाली, "अहो, इथेच तो मावळा पडला ना? यांना ऐकवा की. मी खास त्यासाठी माझ्या बहिणीला आणलंय."

काशिराम थांबला. त्यानं भामाबाईकडे बघितलं, मग माझ्याकडे. त्या नजरेत मला शिव्याच होत्या आणि त्या मला लागू होत्या. मंडळी आपण होऊनच खाली बसली. भामाबाईही बसली.

त्यानं सुरुवात केली. गोळी, दगड, मधली जागा. 'रातभर बोलत व्हता,' इथपर्यंत आला आणि अडला. कोणीतरी म्हणालं, काय बोलत होता? शेवटी जमिनीकडे बघत तो म्हणाला, "भरती आली रं... उघाडी लाव..."

भामाबाई उठली. तिथे उभं राहिलेलं त्याला चालत नसे, पण आज त्यानं तिला बसवलं नाही.

"फल्या टाक म्हनला?" तिनं विचारलं.

"व्हय काकी."

"आन काय?"

"आय मारंल म्हनला."

मुंबईची मंडळी एकमेकांकडे बघायला लागली. त्यांना वाटलं असावं, हा खेळातलाच भाग आहे. मी त्यांना खुणेनं उठवलं आणि टाक्यांकडे पिटाळलं. मी मात्र गेलो नाही. माणसानं जावं, पण माझा पाय निघेना.

"मी बोललो लावली," काशिराम सांगत होता. तो आता रडत होता, आणि एवढा मोठा माणूस रडताना बघवत नव्हता. "दर वेली बोललो. पार उजाडताना शांत झाला. म्हनला, आयेला सांग, उघाडी लावली मी. काकी, हात पुरंल इतका लांब व्हता, पन जाता नाय आलं. रातभर कल काढली त्यानं. तुला कसं सांगू मी? जागच्या जागी गेला, असं ऐकलंस तं तुला झोप तरी लागंल, असं वाटलं."

"रातभर व्हता?" भामाबाई म्हणाली.

"व्हय."

"म्हंजे रातभर माज्याशीच बोलत व्हता."

काशिरामनं मान वर केली. हे त्याला इतक्या वर्षांत सुचलं नव्हतं. मलाही सुचलं नव्हतं. मला वाटलं होतं ती कोसळेल, म्हणून मी फारूकला पाण्याची बाटली घेऊन वर बोलावून ठेवला होता. ती खाली बसली. तो जिथे मावळा पडला म्हणून दाखवायचा त्या जागेवर तिनं हात ठेवला, तिथली माती ती नव्हती हे ठाऊक असून. मग पदरानं काशिरामचं तोंड पुसलं आणि म्हणाली, "गाढवा, एवढं रं पोटात ठेवलंस?"

चिरनेरला दोघंही बसमधून उतरली नाहीत.

दिवस मावळायच्या आत फारूकनं गाडी बांधापर्यंत नेता येईल तितकी नेली. मंडळींना मी सांगितलं, पाच मिनिटं थांबा. कोणी कुरकुरलं नाही. ओहोटी सरत होती, चिखलावर बगळे उभे होते. उघाडीतून शेतातलं शेवटचं पाणी खाडीत जात होतं. शेतात भात उभं होतं, कारण मीठ धुवून जमीन पुन्हा गोडी झाली होती. ते बघायला गणू नव्हता. भामाबाईनं फळ्या उचलल्या. काशिराम पुढे झाला तेव्हा ती नको म्हणाली नाही. एक फळी तिनं टाकली, एक त्यानं. फटींत त्यानं चिखल लिंपला.

मग ती बांधावर उभी राहिली आणि खाडीकडे तोंड करून हाक मारली. संध्याकाळी पोराला जेवायला बोलावतात, तशीच.

"गणूऽ, उघाडी लागली रं! ये आता घरा."

मीही बाप आहे, मी सरळ रडलो. पाणी आमच्या देखत थांबलं आणि हळूहळू खाडीकडून उलटं यायला लागलं.

पुढे त्या घरात कावळा शिवला की नाही, मी विचारलं नाही. भामाबाई नाक्यावर येत राहिली. काशिरामच्या हातावर भाकर ठेवत राहिली, पण विचारायची काही नाही. आता तो ती तिथेच उभ्यानं खायचा.

त्यानंतरच्या रविवारी मी पुन्हा गड चढलो. यावेळी हट्टानं नाही, आपला उगाच. पडक्या तटापाशी काशिराम थांबलाच नाही. मंडळींना घेऊन थेट टाक्यांकडे गेला, पाणी किती गार आहे ते सांगू लागला. मी त्याला गाठून हळूच विचारलं, "आणि तो मावळा?"

"तो गेला घरा," काशिराम म्हणाला.