डब्यातलं कुंकू

खंडेनवमीला हत्यारांना हळदकुंकू लावायचं ते बाईच्याच हातचं हवं, असा आमच्या साहेबांचा आग्रह. कल्याणच्या जुन्या लष्करी बराकीत त्यांचा विमानांचे ऑटोपायलट दुरुस्त करायचा कारखाना होता. त्यात बाई मी एकटीच, इंटर सायन्स करून तपासणीला लागलेली, डोंबिवलीहून येणारी. एरवी ‘बायकांना यातलं काय कळतंय?’ आणि पूजेला मात्र ‘या बाई, पुढे या!’ असा संताप यायचा म्हणून सांगू! पण लावलं. टेबलावर दोन डबे उघडे होते, त्यांतही चिमूट चिमूट टाकली.

ते डबे म्हणजे ऑटोपायलटचा शेवटचा आधार. विमानातली मुख्य वीज गेली की आतली पट्टी खटकन सरकायची आणि राखीव वीज जोडली जायची.

दसरा उलटला. एका डब्याची तपासणी पूजेआधीच झालेली, म्हणून तो झाकण लावून सकाळीच मुंबईच्या विमानतळावर रवाना झाला. दुसरा मी तपासायला घेतला. मुख्य वीज तोडली. खटका वाजला, पण राखीव वीज येईना. पुन्हा तोडली. ढिम्म! आत डोकावले तर पट्टीच्या टोकाखाली लाल भुकटी. माझंच कुंकू. पट्टी टेकणार कशी?

साहेबांना म्हटलं, “सकाळच्या डब्यातही असणार. विमानतळावर कळवायला हवं.”

“वेडबिड लागलंय का, बाई? कारखान्याची अब्रू जाईल. आणि मुख्य वीज जातेय कशाला?”

“जात नसती तर हा डबा लागला असता कशाला, साहेब? वैमानिक ढगात असताना ऑटोपायलट बंद पडला तर?”

“हाताने चालवेल. फोन केलात तर उद्यापासून येऊ नका.”

घरी वडील अंथरुणाला खिळलेले, चूल माझ्याच नोकरीवर पेटायची. तरी म्हटलं, नोकरी गेली उडत. फोन त्यांच्याच टेबलावर होता. त्यांच्यादेखत ट्रंक कॉल नोंदवला आणि समोरच्या खुर्चीत ठाण मांडून बसले. त्यांनी डोळे वटारले, मीही वटारले.

लाइन लागली. “सकाळी आलेला डबा बसवू नका. त्यात कुंकू पडलंय, माझ्या हातून.”

पलीकडचा माणूस हसला. “बसवलासुद्धा, बाई. चारला विमान सुटतंय.”

“मग काढा! काढत नसाल तर मी येते काढायला.”

तासाभराने उलट फोन आला. साहेबांनी ऐकलं आणि त्यांचा चेहरा खर्रकन उतरला. रिसीव्हरवर हात ठेवून म्हणाले, “निघालं कुंकू. कसं काय पडलं म्हणून विचारताहेत. काय सांगू?”

“खरं ते सांगा. बाईने टाकलं, आणि साहेब गप्प बसायला सांगत होते. तुम्हाला जमत नसेल तर आणा इकडे.” मी हात पुढे केला.

त्यांनी रिसीव्हर दिला नाही. खाली मान घालून दोन्ही गोष्टी स्वतःच सांगितल्या. नोकरीचं त्यांनी पुन्हा काही काढलं नाही, मीही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी वेळेवर कारखान्याच्या दारात उभी राहिले. म्हटलं, हिंमत असेल त्याने अडवावं.