पहिल्या घोटाआधी

भाचीच्या लग्नात एका टेबलावर उंच, देखण्या बाटल्या मांडल्या होत्या. दारू नव्हती; वाळा, आलं, मिरी, गवती चहा घालून केलेलं, घशाला दारूसारखाच चटका देणारं पेय होतं. पांढऱ्या मिशांच्या एका गृहस्थांनी ग्लास घेतला, बोट बुडवलं, दोन थेंब जमिनीवर शिंपडले आणि मगच घोट घेतला. मी जागीच थबकले.

आमचे हेही असंच करायचे. डॉक्टरांनी दारू बंद केल्यावर मी रोज संध्याकाळी वाळ्याच्या पाण्यात आलं-मिरी उकळून, गार करून ह्यांना द्यायचे. ग्लास तोच, बर्फ तसाच, शेजारी खारे दाणे. पहिल्या घोटाला तोंड वाकडं व्हायचं, पण थेंब शिंपडायला कधी विसरले नाहीत.

"अहो, दारू सुटली, आता हे कुणासाठी?" मी एकदा चिडून विचारलं.

"बरोबर बसणारे निम्मे वर गेलेत. पहिला घोट त्यांचा," ते हसले. "आता त्यांनाही तुझा काढा चालवून घ्यावा लागणार."

दारू एक वेळ सुटते. पण ती संध्याकाळ सुटत नाही, आणि त्या संध्याकाळची माणसं तर नाहीच नाही. काढ्याची गोडी लागेपर्यंत हेच गेले.

मी एक ग्लास घेतला. कुणाचं लक्ष नाही असं बघून बोट बुडवलं, दोन थेंब खाली सोडले आणि मग चव पाहिली.

"आलं कमी पडलंय, अहो," मी पुटपुटले. "चालवून घ्या."