साहेबाले पक्षी दिसले पाहिजे

फुलचूरला आमच्या घरामागे कुणी ओलं गवत कापलं, की त्या वासानं आजही माझं डोकं फिरतं. केशोरीकडच्या एका गावात शिकवत असताना चौथीच्या मुलांना मी पक्षी दाखवायला बोडीवर न्यायची. त्या लहानशा तलावाच्या काठच्या उंच गवतात पाणकोंबडीनं घरटं केलं होतं. मुकाट बसायला पोरं तिथंच शिकली. शिंक आली तरी नाक दाबून धरायची. मग मुलांचं पक्षीनिरीक्षण बघायला तालुक्याचे साहेब येणार असं ठरलं. त्या सकाळी आम्ही पोचलो, तर सगळं गवत कापून बोडीच्या पाळीवर, बांधावर, ढीग घातलेला. “काऊन कापलं?” मी ओरडलेच. गावचा पुढारी कौतुकानं म्हणाला, “साहेबाले पक्षी दिसले पाहिजे ना, मॅडम! गवतात काय दिसते?” एक मुलगी ढिगात हात घालून अंडी शोधत होती. साहेब आले, मोकळं पाणी बघून “बढिया, एकदम साफ!” म्हणाले आणि नाश्ता करून गेले. परवा तिकडं जाणं झालं. पाळीवर आता पक्ष्यांच्या चित्रांचा मोठा फलक आहे. पोरं पाणकोंबडीवर बोट ठेवून बिनचूक नाव सांगतात, तेही अगदी ओरडून. उडून जायला तिथं आहेच कोण?