अर्दियाच्या गोदामातले झेल

कुवेतमध्ये अमेरिकन फुटबॉल माझ्याइतका चांगला झेलणारा कोकणी माणूस आजवर झालेला नाही. याला पुरावा नाही. पण उलट पुरावाही कुणी आणून दाखवलेला नाही, तेव्हा तूर्त मीच खरा.

इराकवरची दुसरी लढाई होऊन गेली होती आणि कुवेतमध्ये वाळूच्या कणागणिक एक अमेरिकन दिसत होता. मी एसी मेकॅनिक. नव्वदच्या दशकात आलो, बऱ्याच कंपन्या बदलल्या आणि त्या वेळी अर्दियाच्या एका गोदामात डक्ट सांभाळत होतो. गोदाम एवढं उंच, की वर डक्टजवळ ढग जमतात असं मी गावी फोनवर सांगत असे. आई विचारायची, मग आत पाऊस पडतो काय रे? मी म्हणायचो, मधूनमधून.

शुक्रवार सुट्टीचा. पण मी शुक्रवारची ड्यूटी मागून घेतली होती. ओव्हरटाइमसाठी, असं सगळ्यांना सांगायचो. खरं म्हणजे फरवानियातल्या आमच्या खोलीत शुक्रवारी जेवणं झाली, घरी फोन झाले, की प्रत्येक जण आपापल्या खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडायचा. एवढ्या पाठी एकदम बघवत नाहीत माणसाला.

अशाच एका शुक्रवारी मी शिडीवर होतो आणि खाली गोदामाचा अमेरिकन सुपरवायझर एकटाच बॉल फेकत होता. धिप्पाड माणूस, हाताचा पंजा सुपाएवढा. बॉल म्हणजे चामड्याचा असोला नारळ, दोन्हीकडून टोकदार. दोन रॅकांमधल्या लांबलचक बोळातून तो बॉल फेकायचा, टोकाला ठेवलेल्या रिकाम्या खोक्यात तो धप्पकन पडायचा, मग हा एवढं अंतर चालत जायचा, बॉल काढायचा, परत चालत यायचा आणि पुन्हा फेकायचा. मी वरून बराच वेळ पाहिलं. शेवटी न राहवून खाली उतरलो आणि खोक्याच्या जागी जाऊन उभा राहिलो.

त्याचं इंग्रजी मला निम्मं कळायचं. उरलेलं मी बनवून घ्यायचो, आणि माझं निम्मं कधीकधी त्याच्यापेक्षा बरं असायचं. तर त्या दोन्ही निम्म्यांतून कळलं ते असं. हा गडी मूळचा खेळाडू, पण टीव्हीवर दाखवतात त्या मोठ्या मैदानावरचा नव्हे, छपराखालचा. तिकडे छोट्या गावांत बर्फावरच्या हॉकीचे हॉल असतात. त्या बर्फावर गालिचा टाकतात, कडेच्या भिंतींना गाद्या लावतात आणि शाळेच्या पटांगणाएवढ्या जागेत फुटबॉल खेळतात. जोरात ढकललेला माणूस भिंतीवरून थेट प्रेक्षकांच्या मांडीत जातो. त्यात हा क्वार्टरबॅक, म्हणजे बॉल फेकणारा, सगळा खेळ चालवणारा. एका संघाने घ्यायचं, दुसऱ्याने सोडायचं. काही संघ तर याची बॅग पोचायच्या आत बंद पडले. संघांची नावं सगळी जनावरांची. लांडगे झाले, विंचू झाले, गेंडे झाले, अख्खं जंगल फिरून माणूस कुवेतला आला होता. संघाने काढलं की तो 'रिलीज केलं' म्हणायचा. आमच्यात कफीलने, म्हणजे व्हिसा देणाऱ्या मालकाने, रिलीज दिली की माणूस खोलीभर मिठाई वाटतो. त्याला ते सांगितलं तर तो हसला, पण फार नाही.

आता त्याचं वय पस्तिशीला टेकलं होतं आणि खांदा दुखावला आहे अशी बातमी पसरली होती. एकाच प्रशिक्षकाने आशा दाखवली होती: तू फेकतोस आणि समोरचा झेलतो अशी व्हिडिओ टेप पाठव, बघून ठरवतो. टेप पसंत पडली तर पुढच्या मोसमात बोलावणं. नाही पडली तर खेळ कायमचा संपला. हे त्याने मला पहिल्याच शुक्रवारी सांगितलं.

पहिला बॉल माझ्या बोटांवर असा आला, की करंगळी सुजून केळं झाली. दुसऱ्या खेपेला मला कौलं आठवली. आमच्याकडे घरावर कौलं चढवताना अंगणातल्या खळ्यापासून छपरापर्यंत माणसांची रांग लागते. खालचा कौल वर भिरकावतो, वरचा झेलतो. हात पुढे करून झेललं तर कौलही फुटतं आणि बोटंही. कौल येईल तसा हात मागे न्यायचा, त्याला हातातच झोपवायचं. बॉल तसाच झोपवला. अमेरिकन बघतच राहिला. पुन्हा फेक म्हटलं. पुन्हा झोपवला.

त्यानंतर शुक्रवार वेगळेच झाले. आम्ही दोघं बोळाच्या दोन टोकांना उभे राहायचो आणि तासन्‌तास बोलायचो नाही. बोलण्यासारखं काय होतं? त्याची बायको कधीचीच दुसरीकडे निघून गेलेली, माझं लग्न दर सुट्टीत जवळजवळ ठरायचं. पण बॉल जात-येत होता, आणि त्या जाण्यायेण्यात कुणीतरी समोर आहे एवढं कळत होतं. तेवढं पुरायचं.

टेपसाठी झेलणारे जास्त हवेत, एकाने भागणार नाही, असं तो म्हणाला. मी खोलीतून दोघांना आणलं. एक माझ्याच गावचा गवंडी, आणि दुसरा रत्नागिरीकडचा ड्रायव्हर. त्याला सगळे चाचा म्हणत. जुम्म्याची नमाज उरकून तो जाब्रियातल्या आपल्या साहेबाचा कॅमेरा मागून घेऊन आला. कॅमेरा लोखंडी पेटीवर ठेवून चालू केला. अमेरिकनने बजावलं, बॉल हातात आला की छातीशी धरून भिंतीकडे धावत सुटायचं. आम्ही माना डोलावल्या. त्याने फेकला, मी झेलला, आणि हाताला जी सवय होती ती कुठे जाणार? वळून गवंड्याला दिला. गवंड्याने तितक्याच सफाईने चाचाला दिला. चाचाच्या पुढे कुणी नव्हतं, म्हणून त्याने बॉल अलगद रॅकवर ठेवला.

अमेरिकन आधी आमच्याकडे आणि मग रॅककडे बघत राहिला. गवंडी माझ्यावरच उखडला. "माझ्याकडे कित्याक दिलंस मेल्या? धावूचा होता ना?"

"तू तरी कुठे धावलास?"

"माका वाटला, छप्पर चढवतंव."

दिवसभर तेच. धावायचं आठवलं तर झेल सुटायचा, झेलला तर पुढे द्यायचा. शेवटी जमले तेवढे झेल घेऊन टेप पाठवली, आणि प्रशिक्षकाचा फोन आला. त्यानंतरच्या शुक्रवारी अमेरिकनने बॉल बाहेर काढलाच नाही. खोक्यावर बसून राहिला. प्रशिक्षक म्हणाला होता, झेलणारे गमतीदार आहेत, पण तुझा बॉल तरंगत येतो. तो पोचेपर्यंत मधे अडवणारा माणूस जेवून येईल. हातातला जोर गेलाय तुझ्या.

जोर गेला नव्हता. ते मला माहीत होतं, आणि त्यालाही माहीत होतं, पण बॉल कधी हलका होत गेला ते दोघांपैकी कुणाच्याच आधी लक्षात आलं नव्हतं. माझी करंगळी सुजल्यापासून तो दर शुक्रवारी थोडं थोडं हलकं फेकत आला होता. कौल फेकणाऱ्यासारखं, समोरच्याच्या हातात झोपेल असं. इतके महिने आमच्या बोटांची काळजी घेता घेता त्याचा हात मऊ पडला होता.

मी म्हटलं, दुसरी टेप कर. आहे नाही तेवढा सगळा जोर लाव, मी झेलतो.

तो म्हणाला, "बोटं मोडतील तुझी."

मी म्हटलं, आमच्या गावात उडत्या बगळ्याचं पीस ओढून काढणारे लोक आहेत आणि त्यांच्यात मी सर्वांत हळू समजला जातो. हे त्याला किती कळलं कोण जाणे. पण उठला.

पुढच्या शुक्रवारी चाचा कॅमेऱ्यामागे उभा राहिला आणि मी बोळाच्या टोकाला. पहिला बॉल छातीवर बसला. मागच्या रॅकवरची खोकी हलली असं मी नंतर सगळ्यांना सांगितलं. तो थोडा फुगवटा धरा, पण छाती नक्की हलली. दुसरा हातातून निसटला. गवंडी बाजूला टेकून उभा होता. तो माझ्याजवळ आला आणि हळूच बोलला, "इचार कर हां. झेललंस तर तो जातलो."

ते मला काय कळत नव्हतं? सुटत राहिले असते तर कुणी मला बोल लावला नसता. बोळाच्या त्या टोकाला तो असाच उभा राहिला असता, या शुक्रवारी, पुढच्या शुक्रवारी.

मी पँटला हात पुसले आणि त्याला खूण केली, फेक.

बॉल आला तो आवाज करत आला. मी हात मागे नेला नाही. दोन्ही हातांनी छातीशी गच्च आवळला आणि भिंतीपर्यंत धावलो. मग पुढचा. मग त्याच्या पुढचा. एकही कुणाला दिला नाही.

बोलावणं आलं. कंपनीने त्याला मुदतीआधी सोडलं. विमानतळावर चाचाच्या गाडीतूनच गेलो. त्याने माझ्या सुजलेल्या बोटांकडे पाहिलं आणि हस्तांदोलन न करता मनगट धरलं. त्यानंतर बऱ्याच दिवसांनी, शुक्रवारीच, माझा मोबाइल वाजला. मी शुक्रवारची ड्यूटी सोडून दिली होती, खोलीतच होतो. बाकीचे नेहमीसारखे भिंतीकडे तोंड करून झोपलेले.

तिकडे पहाट होती. संघाने त्याला घेतलं होतं. दोन सामने खेळवलं, आता बहुतेक बाकावर बसवतात म्हणाला. हॉटेलातून बोलत होता. गावाचं नाव विचारलं तर त्याला पटकन आठवेना. फोन कटला असं वाटलं, तेवढ्यात त्याने विचारलं, "आज काय शिजवलंत?"

डाळ होती आणि उकडलेली अंडी. मी आवाज बारीक केला, कुणी उठू नये म्हणून, आणि सांगितलं की सुरमई आहे. चाचाने पहाटे बाजारातून आणली, मगरीएवढी, दाराशी आडवी करून आत घ्यावी लागली. हळद-मीठ लावून ठेवली आहे, गवंडी नारळ वाटतो आहे.

"मग?" त्याने विचारलं.

मी खाटेवर बसल्या बसल्या तव्यावर पहिली तुकडी सोडली.