विचारल्याशिवाय बंद करायचं नाही

हे मी घरीही कधी नीट सांगितलेलं नाही. बायकोला एवढंच माहीत आहे की प्लांटमध्ये गॅस सुटला आणि एक माणूस दवाखान्यात गेला.

मी एका खाजगी डेअरीत शिफ्ट इन्चार्ज. आधी इंदापूरच्या प्लांटवर होतो, मग बारामतीला बदली झाली. काम दोन्हीकडे एकच, आलेलं दूध थंड करून टँकरमध्ये भरायचं. थंड करायला अमोनिया लागतो. तो पाइपातून सुटला की आधी नाकाला कळतो, मग डोळ्यांना, आणि कॉम्प्रेसर लगेच बंद केला नाही तर छातीला.

इंदापूरचे मॅनेजर मोकळे. दुधाच्या कॅनवर बसून कामगारांच्या डब्यातली भाकरी खायचे. त्यांचं सांगणं असं, की ज्याला वास आला त्यानंच कॉम्प्रेसर बंद करायचं बटण दाबायचं आणि बाहेर पळायचं. एकदा एकानं संडासातल्या फिनेलच्या वासानं प्लांट बंद पाडला. उन्हाळा होता, टाकीभर दूध नासलं. मॅनेजरांनी हसून त्याला चहा पाजला, आम्ही त्याला फिनेलराव म्हणायला लागलो. पण तिथं वेळेवर कुणी यायचं नाही, टाक्या धुतल्या की नाही हे कुणी बघायचं नाही. दूध वरचेवर नासायला लागलं आणि मॅनेजरांना घरी बसवलं. मी मनात म्हटलं, बरं झालं.

बारामतीचे साहेब कधी ओरडले नाहीत. इतकं हळू बोलायचे की पुढं वाकून ऐकावं लागायचं. प्लांट लख्ख असायचा. इन्चार्जला विचारल्याशिवाय कॉम्प्रेसरला कुणी हात लावायचा नाही, असं त्यांनी मला पहिल्याच दिवशी बजावलं. मी ते त्यांच्यापेक्षा कडक पाळलं. कॉम्प्रेसरवर कऱ्हाटी गावचे एक तात्या होते, वयानं माझ्याहून मोठे. पट्टा करकरतोय म्हणून त्यांनी एकदा मशीन थांबवलं. मी सगळ्यांसमोर म्हणालो, "तात्या, डेअरी तुमच्या घरची हाय का?" माणसं हसली. तात्याही हसले. त्यानंतर ते पाणी प्यायला जातानाही मला विचारायला लागले. आणि खरं सांगतो, मला ते आवडायचं.

त्या सकाळी साहेबांच्या केबिनमध्ये मीटिंग होती. मीटिंगला फोन टेबलावर पालथे ठेवायचे, ही तिथली पद्धत. माझा थरथरला. कड उचलून पाहिली तर तात्यांचा फोन. साहेब बोलता बोलता थांबले आणि माझ्याकडे नुसतं पाहिलं. मी फोन पुन्हा पालथा घातला. तो थांबला, परत सुरू झाला. टेबलातून ती थरथर माझ्या कोपरापर्यंत येत होती. तात्या उगाच फोन करणार नाहीत हे मला माहीत होतं. तरी हात उचलवेना. साहेब फार तर बोलले असते. पण त्या खुर्चीत बसल्यावर हे सुचत नाही.

मग बाहेर आरडाओरडा झाला आणि वास केबिनपर्यंत आला.

तात्यांना दोघांनी ओढत बाहेर आणलं होतं. कुणीतरी त्यांच्या डोळ्यांवर पाणी मारत होतं. फोन अजून त्यांच्या मुठीत होता. बटण त्यांच्यापासून हातभर अंतरावर. ते दाबलं त्यांना ओढायला आत घुसलेल्यानं.

डोळे राहतील की जातील, डॉक्टर सांगेनात. मी दवाखान्यात बाहेरच्या बाकड्यावर बसून होतो, आणि लाज वाटते सांगायला, मला भीती दुसरीच होती. तात्या त्या फोनचं बोलतील, ही. कंपनीच्या पुण्याच्या हेड ऑफिसातून माणसं विचारपूस करायला आली. इन्चार्जला कळवलं होतं का, असं त्यांनी विचारलं. मी दाराशीच उभा होतो.

"न्हाय," तात्या म्हणाले. "माझ्या ध्यानातच आलं न्हाय."

ती माणसं गेल्यावर मी जवळ जाऊन विचारलं, खोटं का सांगितलंत? पट्ट्या बांधलेलं तोंड त्यांनी माझ्या आवाजाकडं वळवलं.

"साहेब, मला परत कामावर घ्यायचं तुमच्या हातात हाय. रागावू नका. मी इचारायलाच फोन केला हुता."

दिसत नसलेला माणूस मला घाबरत होता.

मी तसाच साहेबांच्या केबिनमध्ये गेलो. फोन आला होता, तुमच्या भीतीनं मी उचलला नाही, असं सांगून टाकलं. साहेब ओठांवरून जीभ फिरवून नेहमीपेक्षाही हळू म्हणाले, "आता मी पुण्याला काय सांगू?"

माझं इन्चार्जपद काही काळ गेलं, पुन्हा मिळालं. नियम बदलला, आता वास येईल त्यानं बटण दाबायचं. तात्यांचा एक डोळा राहिला. ते कामावर आले तेव्हा मीच त्यांना कॉम्प्रेसरपाशी नेलं. म्हणालो, तात्या, वास आलाय असं समजा, आणि दाबा.

त्यांनी हात पुढं केला. बटणाला बोट टेकलं आणि तिथंच राहिलं. मान वळवून त्यांनी चांगल्या डोळ्यानं माझ्याकडं पाहिलं.

"दाबू का, साहेब?"