बँकवाल्या काकांचा हात

फ्रेंच सिनेमांची एडिटर म्हटलं की लोकांना वाटतं, ही बाई पॅरिसच्या कॅफेत बसून उसासे टाकत असणार. मी बसायचे सिंगापूरच्या बिशान भागातल्या फ्लॅटमधल्या मागच्या खोलीत, वाळत घातलेल्या कपड्यांखाली. पॅरिसात वर्षानुवर्षं सहायक म्हणून घासल्यावर कुठे एडिटर झाले, तर नवऱ्याची बदली सिंगापूरला! इथल्या मराठी मंडळात माझी ओळख काय, तर "ही व्हिडिओ करते." लगेच कुणीतरी मुंजीचा पेन ड्राइव्ह हातात ठेवायचं.

तशात माझ्या ओळखीच्या एका फ्रेंच दिग्दर्शिकेने सिंगापुरात सिनेमा करायला घेतला. हॉटेल मॅनेजरच्या छोट्या कामासाठी तिला भारतीय माणूस हवा होता. मी मंडळातल्या, मरीन परेडला राहणाऱ्या बँकवाल्या काकांचं नाव सुचवलं. कॉलेजात ते नाटकं करायचे, मग बँक आली आणि नाटक सुटलं ते सुटलंच. काकांनी आपलं एकुलतं एक फ्रेंच वाक्य एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, येता-जाता इतकं घोकलं, की शेजारचे प्रवासी उठून दुसरीकडे बसायला लागले असतील.

शूटिंग संपल्यावर दिग्दर्शिका माझ्याकडे एडिटिंगला आली. या लोकांची रीत अशी, की एक कट ठरवायला दोन तास जेवायचं आणि जेवताना त्या कटवरून भांडायचं. काकांच्या सीनवर मात्र भांडण झालंच नाही. लग्नाच्या व्हिडिओत आहेर देताना बघतात तसे काका थेट कॅमेऱ्यात बघत होते, वर वाक्य खणखणीत, शेवटच्या रांगेपर्यंत पोचेल असं. मी म्हटलं, काढू या. ती म्हणाली, काढ. उरला फक्त नायिकेला किल्ली देणारा हात. तोही लाइटवाल्याचा, कारण तो शॉट घेतला त्या दिवशी काका बँकेत होते.

सिनेमा इथल्या फेस्टिव्हलला लागला आणि काकांनी अख्ख्या मंडळाची तिकिटं काढली! मी घाईघाईने फोन केला. "काका, तुमच्या सीनबद्दल जरा..."

"अगं, कात्री आपल्याच माणसाच्या हातात आहे, मला कसली काळजी?" म्हणाले, आणि फोन ठेवला. घ्या! पॅरिसात जन्म घालवला तरी वशिला काही सुटत नाही.

थिएटरात आमची रांग डब्यातला चिवडा खात बसली होती. पडद्यावर किल्ली पुढे आली आणि कुणीतरी ओरडलं, "काकांचा हात!" टाळ्याच टाळ्या. शांतता अनुभवायला आलेले रसिक वळून बघायला लागले. मग सगळे डायलॉगची वाट बघत राहिले, थेट शेवटच्या पाटीपर्यंत.

बाहेर आल्यावर एकाने विचारलंच, "आणि वाक्य कुठे गेलं हो?"

"फ्रेंच सिनेमात शांततेला महत्त्व असतं," काका म्हणाले. वा! माझ्या दिग्दर्शिकेलाही इतकं नेमकं सांगता आलं नसतं.

तेवढ्यात काकूंनी त्यांचा हात हातात घेऊन निरखला. "अहो, तुमच्या बोटातली अंगठी दिसली नाही ती सिनेमात?"

सगळे काकांच्या बोटाकडे बघायला लागले. काकांनी माझ्याकडे पाहिलं. नुसतं पाहिलं. त्या सगळ्या फुटेजमध्ये हा चेहरा एकदाही आला नव्हता. आला असता, तर तो सीन मी कुणाच्या बापाला कापू दिला नसता. फार वाईट वाटलं मला.

एडिटर शूटिंगला फिरकतही नाही, पण मंडळाला काय माहीत?

"मीच काढायला लावली, काकू," मी म्हटलं. "लाइटमध्ये फार चमकत होती."